तिसऱ्या खांबावरचा दोर

पॉपनी दोर जोडायचा लाकडी सुवा रॉसच्या हातात न देता टुईच्या हातात दिला, आणि इंजिनच्या शेडपाशी जमलेल्या सगळ्यांची तोंडं एकदम बंद झाली.

लिनली नुकतीच तिसऱ्या खांबापासून खाली उतरली होती. बुटात बर्फ गेलेला, मोजे ओले, डोक्यात भलतेच विचार. पण भावाचा चेहरा बघितला आणि ती सगळं विसरली. रॉस साठीला आला होता. दर जूनमध्ये, हिवाळ्याच्या तोंडावर, राजाच्या वाढदिवसाच्या सुट्टीत, क्लबची मंडळी दोर चढवायला डोंगरावर जमली की तो बापाशेजारी गुडघे टेकून बसायचा आणि कंपाउंडरनं डॉक्टरला हत्यारं द्यावीत तशी एकेक वस्तू पुढं करायचा. सुवा, चिकटपट्टी, सुरी. कधीतरी हा सुवा आपल्याकडं येईल, एवढीच बिचाऱ्याची आशा. आणि आज तो निघाला तो त्याच्या नाकासमोरून थेट भाचीकडं, लिनलीच्या लेकीकडं, गेला.

"मी?" टुई म्हणाली.

"मग काय त्या पोपटाला देऊ?" पॉप म्हणाले. शेडच्या पत्र्यावर एक किआ बसला होता. सकाळपासून त्यानं दोन हातमोजे आणि कुणाचं तरी बिस्किटांचं पाकीट लांबवलं होतं. "माझे हात आता थरथरतात. रॉसचे हात मेंढ्या धरायचे. तुझी बोटं बरी आहेत. बस खाली."

"माझे हात मेंढ्या धरायचे, आणि हिचे काय पियानो वाजवायचे?" रॉस भडकला. "हिची मनगटं किती वेळा मोडलीत, विचारा तरी!"

"डावं दोनदा, उजवं एकदा," टुई म्हणाली. "पण बोटं शाबूत आहेत, मामा."

लोक हसले. रॉसलाही हसावं लागलं, पण त्यानं चिकटपट्टीचं भेंडोळं जरा जोरातच आपटलं.

"थकलेत पॉप," लिनलीच्या कानाशी हेमी पुटपुटला. तिचा नवरा. खिंडीतल्या रस्त्यावरचा बर्फ काढायचं यंत्र चालवणारा हा धिप्पाड माणूस डोंगरावर आला की क्लबच्या स्वयंपाकघराचा ताबा घ्यायचा. आत्ताही त्याच्या हाताला पीठ होतं. "चौऱ्याऐंशीव्या वर्षी सुवा सोडला. मला वाटलं होतं, शवपेटीत घेऊनच जातील."

बर्फावरून घसरायला वर जायचं तर कार्डेल क्लबच्या डोंगरावर खुर्च्या नाहीत, पाळणे नाहीत. आहे तो एक दोर. जुन्या ट्रकचं इंजिन त्याला दिवसभर फिरवत राहतं. पाच खांबांवरच्या पुल्यांवरून तो वर जातो, टोकाच्या चाकाला वळसा घालून खाली येतो. आपण हातमोज्यानं दोर धरायचा, अंगाला हिसका बसला की कंबरपट्ट्याला बांधलेला लोखंडी अडकित्ता झटकन दोरावर मिटवायचा आणि जीव मुठीत धरून वर जायचं. प्रत्येक पुलीवरून अडकित्ता खट् करून उडी मारतो. म्हणून दोराची दोन टोकं जिथं जोडतात तो सांधा दोरापेक्षा जराही जाड झालेला चालत नाही. जाड सांधा पुलीत अडकला की माणूस बर्फात तोंडावर. हा सांधा घालणं म्हणजे क्लबातलं सगळ्यांत मानाचं काम, आणि पॉपशिवाय कुणी त्याला हात लावल्याचं लिनलीला आठवत नव्हतं.

टुई ओल्या ताडपत्रीवर बसली. दुखरा गुडघा तिनं सरळ पुढं ठेवला. पॉप खुर्ची ओढून शेजारी बसले आणि त्यांचं सुरू झालं.

"पेड सुटा कर. लांब, अजून लांब. आता समोरचा पेड त्याच्या जागेवर बसव. पीळ मोडू नकोस गं! वेणी घालतेस का तू?"

"मी कधी वेणी घातलीय, पॉप?"

"तेच म्हणतोय. घातली असतीस तर हात वळला असता."

लिनली बघत राहिली. दोन डोकी, एक पांढरं, एक काळं, दोराच्या एकाच वितीवर वाकलेली. ही दोघं एकमेकांना जितकं बोलायची तितकं घरात दुसरं कुणी कुणाला बोलत नसे. फळीवरून तर त्यांचं जुनंच होतं. टुई सात वर्षांची असताना क्लबाच्या सभेत स्नोबोर्डला परवानगी द्यायची का, यावर मतदान झालं, आणि अध्यक्षमहाराज पॉप उठून म्हणाले होते, "फळीवर आडवं उभं राहून घसरायचंय? मग घरी चहाचा ट्रे आहे, तो घ्या." नातीसमोर हात वर करून त्यांनी विरोधात मत दिलं. हरले. आणि पुढच्या शनिवारी फडक्यात गुंडाळलेला एक लहानसा अडकित्ता घेऊन आले. टुई उजवा पाय पुढं ठेवून उभी राहायची, त्यामुळं दोर तिच्या पाठीशी यायचा, आणि कुणाचाच पट्टा तिला जमेना. पॉपनी रात्रंदिवस खपून तिच्यापुरता वेगळा बनवला होता. "मत क्लबाचं होतं," ते म्हणाले होते, "हा माझा आहे."

त्या अडकित्त्यावर ती पहिल्या दिवशी इतक्यांदा पडली, की हेमीनं मोजणं सोडून दिलं. संध्याकाळी मात्र तिनं एकदाचं वरचं चाक गाठलं आणि तिथून ओरडली. तो आवाज लिनलीच्या कानात अजून होता.

पुढचं सगळ्या क्लबाला तोंडपाठ. रॉसच्या लोकर कातरायच्या शेडमागं गवताच्या गठ्ठ्यांवर रचलेली उतरण. सोळाव्या वर्षी दक्षिणेला वानाकाला, मोठ्या डोंगरांवर. मग इथला हिवाळा संपला की उत्तरेचा, तिथला संपला की पुन्हा इथला. वर्षाला दोन हिवाळे. बारा वर्षं या मुलीनं उन्हाळा असा पाहिला नव्हता, नाताळात समुद्रावरच्या पोहण्याचे फोटो पाठवले की उत्तर यायचं, "ही उघडी माणसं कोण?" विश्वचषकाच्या फेऱ्या जिंकल्या. एका ऑलिंपिकमध्ये चौथी आली, दुसऱ्यात शेवटच्या उडीत पडली. आणि दीड वर्षापूर्वी, स्वित्झर्लंडमध्ये, सरावातल्या एका साध्या उडीत गुडघा गेला. साध्या! लिनलीला त्या शब्दाचाच राग यायचा.

"झालं," टुई म्हणाली.

पॉपनी डोळे मिटले आणि सांध्यावरून बोटं फिरवली. या टोकापासून त्या टोकापर्यंत, मग पुन्हा उलटी. 

"बरं जमलंय," ते म्हणाले.

पॉपच्या तोंडून "बरं" म्हणजे काय, हे माहीत असलेल्या सगळ्यांनी टाळ्या पिटल्या. रॉसनंही पिटल्या, आणि मग भाचीच्या डोक्यावर टपली मारली. "चोरटी," तो म्हणाला. "माझा सुवा पळवलास." राग असा की आला तसा गेला. लिनलीला वाटलं, आपला हा भाऊ किती चांगला आहे, आणि आपण त्याला हे कधीच सांगत नाही.

जेवायला सगळे खोपीत आले. हेमीनं मटणाचा रस्सा आणि तळलेल्या पावांची परात मधोमध ठेवली, दोन ओळींची प्रार्थना म्हटली, आणि "या, तुटून पडा" म्हणेपर्यंत अर्धी परात रिकामी झाली होती. तेवढ्यात रॉस बाकाखालून एक खोकं काढून उभा राहिला.

"सगळ्यांनी ऐका. फेब्रुवारीत ऑलिंपिक. आपली सगळ्यांची तिकिटं मी काढलीत, हे तुम्हाला माहीतच आहे—"

"पन्नासदा सांगितलंस," पॉप म्हणाले.

"—आणि हे माहीत नाही." त्यानं खोकं उघडलं. काळ्या लोकरी टोप्या. कपाळावर पांढऱ्या लोकरीत विणलेलं टुईचं नाव. "माझ्याच मेंढ्यांची लोकर. उन्हाळाभर विणून घेतल्यात. घाला! गरम पाण्यात धुऊ नका, आटतील."

"मेंढीच्या डोक्याचं माप घेतलंस का रे?" हेमी टोपी कानांवरून ओढत म्हणाला. ती त्याच्या टाळूवर अंड्यावर झाकण बसावं तशी बसली. हसू उसळलं. पॉपनी आपली घातली. लिनलीनंही घातली. बघता बघता सगळं टेबल टुईच्या नावाचं झालं.

टुईनं तेवढी घातली नाही. टोपी दोन्ही हातांत धरून ती अंगठ्यानं आपलं नाव चाचपत होती.

"मामा," ती म्हणाली, "तिकिटं परत करता येतात का?"

"का? तारीख बदलली?"

"नाही." तिनं सगळ्यांकडं बघितलं. आईकडं सोडून. "मी थांबतेय. मंगळवारी टीमला कळवायचंय. त्याआधी तुम्हाला सांगावं म्हटलं."

हेमीनं डोक्यावरची टोपी काढली.

"गुडघा?" हेमीनं विचारलं.

"गुडघा ठीक आहे, बाबा. फिजिओनं फळीवर उभं राहायला सांगितलंय. बाकीचंही हळूहळू जमेल म्हणाली."

"मग?" रॉस म्हणाला.

"मग काही नाही. पुरे झालं आता."

पुरे. हा शब्द लिनलीनं ओळखला. हा तिचाच होता. स्वित्झर्लंडच्या त्या हॉस्पिटलात, ऑपरेशनच्या आदल्या संध्याकाळी, टुईचा थंड हात दोन्ही हातांत धरून ती म्हणाली होती, "पुरे झालं आता. माझ्यासाठी, टुई. एवढं एक माझ्यासाठी."  टुईनं भिंतीकडं तोंड केलं होतं.

"हे तुझं काम," रॉस बहिणीकडं वळला.

"माझं काय काम? तिशीला आलीय ती. तिचं तिला कळतं."

"तू तिला तिकडं जाऊन घाबरवून आलीस. माहितीय मला. आईही अशीच होती. मी रग्बी खेळायला निघालो की दारात बसायची!"

"रग्बीत तुझे कुठं दिवे लागणार होते?" लिनली म्हणाली. "आणि पलंगाशेजारी कोण बसलं होतं रे? तू? तू इथं टीव्हीसमोर बसून पुन्हा पुन्हा ती उडी बघत होतास!"

"पुरे!" हेमी म्हणाला. त्याचा आवाज क्वचितच चढायचा, म्हणून सगळे गप्प झाले. "तिनं सांगितलं, आपण ऐकलं. जेवा."

 पॉप पावाचे बारीक तुकडे करत राहिले.

हेमीनं टेबलाखालून लिनलीचा हात दाबला. या दिवसाची तिनं किती वाट पाहिली होती! लेक सुखरूप, हातीपायी धड, आता घरी राहील, एकदा तरी उन्हाळा बघेल. हे ऐकल्यावर आपण मोठ्यांदा रडू, असं तिला वाटलेलं. रडू आलं नाही. घास तोंडात फिरत राहिला, कारण आज सकाळी तिनं जे बघितलं होतं ते तिनं कुणालाच सांगितलं नव्हतं.

सकाळी ती तिसऱ्या खांबाशी एकटी उभी होती. खालून येणारा दोर हातानं पुढं सोडायचा, एवढंच काम. टुई सामान पोचवून वरून उतरत होती, जरा लंगडत. खाली कुणी नाही असं बघून ती बर्फाच्या एका सपाट तुकड्यावर थांबली. आडवी उभी राहिली, उजवा पाय पुढं. डोळे मिटले. आणि तिचे हात हलायला लागले, खांदे वळायला लागले, हनुवटी छातीला टेकून पुन्हा वर आली. जागच्या जागी, फळीशिवाय, ती आख्खी उतरण मनातल्या मनात उतरत होती. एकेक उडी. शेवटच्या उडीला तिचे गुडघे हळूच वाकले आणि ती टेकली, आणि डोळे न उघडता हसली. असं हसू लिनलीनं तिच्या तोंडावर दीड वर्षात पाहिलं नव्हतं. थांबायचं ठरवलेलं माणूस असं करतं का? लिनली पुतळ्यासारखी बघत राहिली, आणि दोर तिच्या हातांतून सरसर पुढं जात राहिला.

"अरे देवा!" बाहेरून कुणीतरी ओरडलं. "पॉप! रॉस! सगळे बाहेर या!"

जेवण उरकून दोर पुल्यांवर चढवायला गेलेली माणसं तिसऱ्या खांबापाशी कमरेवर हात ठेवून उभी होती. खांबाला डाव्या बाजूनं ताणून धरणारा पोलादी तारेचा तणावा आहे, काँक्रीटमध्ये पुरलेला. दोर त्या तणाव्याच्या बाहेरून जायला हवा होता. तो आतून गेला होता. आणि आता दोन्ही टोकं खाली जोडलेली, सांधा घातलेला, टाळ्यासुद्धा वाजवून झालेल्या. पुलीवर दोर चढवायचा तर मध्ये तणावा. काढायचा तर दोराला टोकच नाही.

 रॉस एवढ्या जोरात हसला की खालच्या शेडच्या पत्र्यावरचा किआ उडाला.

"संडास!" तो म्हणाला. "पॉप, संडास!"

आणि सगळे फुटले. ती गोष्ट क्लबात जन्मलेल्या प्रत्येकाला माहीत होती. पॉप तरुण असताना त्यांनी एकदा असाच सांधा घातला, छान, सफाईदार, आणि मग लक्षात आलं की लाकडी संडास दोराच्या वेटोळ्यात आलाय. सांधा सोडा, लोक म्हणाले. मी घातलेला सांधा सुटत नसतो, पॉप म्हणाले. शेवटी सगळ्या क्लबानं मिळून संडास हलवला.

"तेव्हा संडास हलवला, आता खांब हलवू," रॉस डोळे पुसत म्हणाला. "तीनवर कोण होतं?"

"मी," लिनली म्हणाली.

"तू? लहानपणापासून तू हेच काम करतेस! झोपली होतीस का?"

"काय बघत होतीस गं?" पॉपनी विचारलं. ते काठी टेकत, धापा टाकत इथवर चढून आले होते.

टुई त्यांच्या मागं उभी होती. तिच्या खिशातून सुवा डोकावत होता.

"किआ," लिनली म्हणाली. "किआ आला होता. माझा हातमोजा ओढत होता."

"बिचाऱ्या पाखरावर खापर!" हेमी म्हणाला, आणि पुन्हा हशा झाला. विषय संपला. इतकं सोपं होतं. आता काही बोलायची गरज नव्हती. मंगळवारी एक फोन जाईल, आणि तिची लेक तिची होईल.

"तणावा कापता येईल," रॉस म्हणाला.

"आणि खांब माझ्या डोक्यावर घेऊ?" पॉप म्हणाले. "सांधा सोडा."

हसणं थांबलं.

"पॉप, तुम्ही आजवर सांधा सोडला नाहीत," रॉस म्हणाला.

"नाही सोडला. आणि त्याचं काय झालं? तुझ्या आईला पुढची सगळी वर्षं बर्फातून दुप्पट लांब जावं लागलं. मरेपर्यंत ऐकवत होती ती मला. आणि बरोबर होतं तिचं." पॉप दम घ्यायला थांबले. "सगळ्यांसमोर घातलेला, टाळ्या घेतलेल्या. आता सगळ्यांसमोर कसा सोडायचा, एवढीच लाज होती. एवढ्याशा लाजेपायी आख्खा संडास हलवला. केवढा गाढव होतो मी! टुई, चल. तू घातलास, तूच सोड."

"वाईट नाही वाटणार तुम्हाला?"

"वाटेल. चल."

सगळे पुन्हा खाली शेडपाशी आले. टुई ताडपत्रीवर बसली आणि तासाभरापूर्वी ज्या पेडांना तिनं जागा दिली होती ते एकेक करून उपसायला लागली. पॉप खुर्चीत बसून बघत होते. लिनली त्यांच्यामागं उभी होती, डोक्यावर लेकीच्या नावाची टोपी. टुईची मान खाली होती. ती खूप सावकाश काम करत होती, आणि तोंडावर काहीच नव्हतं. दीड वर्षं हेच तोंड घरात वावरत होतं. शांत, गोड, रिकामं. लिनली त्यालाच बरं वाटणं समजत होती.

"किआ नव्हता," लिनली म्हणाली.

पॉपनी मान वळवली नाही. टुईनं वर बघितलं.

"किआ बिआ कुणी नव्हता. मी तुला बघत होते. सकाळी. त्या सपाटीवर."

टुईच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या. "ते... ती सवय आहे, आई. काही नाही ते."

"हसलीस तू. शेवटी टेकल्यावर."

"आई, नको ना. सगळ्यांसमोर."

"सगळ्यांसमोरच बोलते. तूही सगळ्यांसमोरच सांगितलंस." ती लेकीच्या समोर येऊन उभी राहिली. "ते 'पुरे' तुझं नाही, माझं आहे. मी हॉस्पिटलात तुझ्याकडून मागून घेतलं. घाबरून मागितलं. तू गुंगीत होतीस, आणि मी तेव्हा मागितलं. ते मला परत दे."

रॉस काहीतरी म्हणायला पुढं झाला. हेमीनं त्याच्या दंडाला धरून त्याला मागं ओढलं.

"तुला मी जायला हवंय?" टुईनं विचारलं.

"नाही! अजिबात नकोय. तू घरी बसावंस, जाड व्हावंस, शेजारच्यांशी भांडावंस, असं मला वाटतं. फेब्रुवारीत माझा जीव अर्धा होईल. पण माझ्यासाठी थांबू नकोस. तुझ्यासाठी थांबायचं असेल तर आत्ता सांग, मी पुन्हा तोंड उघडणार नाही."

टुईनं सुवा खाली ठेवला. दोराची उसवलेली टोकं तिनं शेजारी शेजारी ठेवली. मग तिचा चेहरा असा वेडावाकडा झाला, जसा सात वर्षांची असताना व्हायचा. "मला जायचंय," ती म्हणाली. "खूप जायचंय, आई. भीतीही वाटते आणि जायचंय."

लिनली ताडपत्रीवर बसली, ओल्या मोज्यांसकट, आणि तिनं लेकीला जवळ घेतलं. आता रडू आलं. दोघींनाही आलं, आणि जरा बाजूला रॉसलाही आलं, पण त्यानं ते शिंकेवर निभावलं.

"म्हणजे तिकिटं राहू देऊ ना?" तो नाक पुसत म्हणाला.

"मिठ्या झाल्या असतील तर दोर अंधार पडायच्या आत जोडायचाय," पॉप म्हणाले.  "दोन्ही टोकं थोडी कापावी लागतील. काळजी नको, एका सांध्यापुरती जादा लांबी मी कायम ठेवतो. रॉस, इकडं ये, बस हिच्याशेजारी. दोघं मिळून घाला. मला आता झोप येतेय."

रॉस असा झटकन बसला की त्याचे गुडघे वाजले.

"आणि तीनवर कोण जाणार?" हेमीनं विचारलं.

"मीच," लिनली म्हणाली. "दुसरं कुणी गेलं तर बघा."

या खेपेला तिनं दोर तणाव्याच्या बाहेरून सोडला. दोनदा हात लावून बघितलं. खाली सांधा पडायला वेळ लागला. तिथून मामा-भाचीच्या भांडणाचे आवाज वर येत होते. मग दोर पुल्यांवर चढला, इंजिन खोकलं, धुराचा एक ढग सोडून सुरू झालं, आणि दोर हळूहळू धावायला लागला.

नव्या सांध्याची पहिली फेरी तो सांधा घालणाऱ्यानंच घ्यायची, असा क्लबाचा रिवाज. बर्फ जेमतेम पसरलेला, मधून गवत डोकावणारं, पण तेवढं पुरे. लिनलीनं खाली बघितलं तेव्हा टुई फळीवर उभी होती, डोक्यावर काळी टोपी, उजवा पाय पुढं, पाठ दोराकडं, कमरेला पॉपनी बनवलेला तो अडकित्ता. पट्टा कधीच वाढवला होता, अडकित्ता मात्र तोच. तिनं दोर धरला. हिसका बसला. खट्!

तिसऱ्या खांबावरच्या माणसानं पहिल्या फेरीला पुलीवरून नजर काढायची नसते. सांधा नीट जातोय का, दोर खोबणीत बसतोय का, तेवढंच बघायचं. काही बिघडलं तर हात वर करून इंजिन थांबवायचं. हे काम लिनलीला लहानपणापासून येत होतं. सकाळी तेवढं चुकलं होतं.

पहिल्या खांबावर खट् झालं. दुसऱ्यावर झालं. फळीची घासर जवळ जवळ येत गेली. मान वळवावी, एकदाच बघावं, गुडघा कसा आहे, तोंड कसं आहे, असं तिच्या अंगातला प्रत्येक कण म्हणत होता. तिनं खांबाला घट्ट धरलं आणि पुलीकडं बघत राहिली. सांधा आला. ना जाड, ना सैल. पुलीत शिरला, बाहेर पडला, कळलाही नाही. पाठोपाठ अडकित्ता खट् करून तिच्या डोळ्यांसमोरून उडाला, आणि बर्फाचा एक फवारा तिच्या गालावर बसला.

"आई!" वर जाता जाता टुई ओरडली. तोच आवाज, सातव्या वर्षीचा. "बघितलंस का?"

"नाही!" लिनली पुलीवरची नजर न काढता ओरडली. डोळ्यांतलं पाणी तिनं पुसलं नाही, कारण त्यासाठी डोळे मिटावे लागले असते. "दोर बघतेय मी! तू जा!"